शेंदराचे दगड

"अहो, अजून किती वर?"

"आलंच. झऱ्यापाशी सावलीत बसू, मग तू जरा आडवी हो," हे म्हणाले आणि माझा हात धरून त्यांनी मला उंबराच्या मुळांवरून पलीकडे घेतलं.

मार्गशीर्ष महिना होता, एकोणऐंशी साल. देवीची ओटी भरून झाली होती. खरं तर तिथूनच परतायचं, पण हे म्हणाले, दमली आहेस, थोडी विश्रांती घेऊन उतरू. दमले तर मी होतेच. रक्ताचा आजार होता मला. शहरातल्या डॉक्टरांनी सहा महिने सांगितले होते, फार तर आठ. माझं वय तेव्हा अठ्ठावीस. आमची उज्ज्वला सहा वर्षांची. हे शाळेत गुरुजी. तिला खाली गावात माझ्या वहिनीपाशी ठेवून आम्ही दोघंच वर आलो होतो.

हे गाव म्हणजे माझं माहेर, आंबेकोंड. घाटमाथ्यावरचे पंचवीस उंबरे आणि त्यांच्या डोक्यावर थांबाईची राई. आम्ही गुरव, राईची राखण आमच्या घराकडे. वडील गेल्यावर ती माझ्या थोरल्या भावाकडे, रघूदादाकडे आली.

दुसरीकडे देवराया असतात तशीच ही होती. कुणी काठी तोडायची नाही, चप्पल घालून जायचं नाही. फरक एवढाच, की इथं वेळ राहायची. वडील म्हणायचे, "बाहेर वेळ नुसती येते नि जाते. इथं ती वस्तीला आहे." उंचवट्यावर ती विरळ असायची. तिथली जांभूळ वर्षातून तीनदा फुलायची, मधमाश्या सगळी पोळी तिकडेच धरायच्या, पण जुनं झाड तिथं एकही सापडायचं नाही. भराभर जगून सगळी संपायची. उलट खोलगट जागी, कपारींत, दाट सावलीत वेळ धुक्यासारखी साचून राहायची. त्या जागेला आम्ही मुरण म्हणायचो. मुरणीत अर्धी घटका बसलं तर बाहेर वर्ष उलटलेलं. शेकरांना हे ठाऊक असायचं. ती पिकली फळं मुरणीच्या काठावरून आत ढकलायची आणि दहा महिन्यांनी पंजा घालून बाहेर ओढायची. फळं तशीच रसरशीत.

मुरण एका जागी बसून राहत नसे. पावसाळ्यात फुगून ओढ्यापर्यंत यायची, उन्हाळ्यात मुळांशी आक्रसायची. एखादं मोठं झाड उन्मळलं तर गुरांनी कुरण बदलावं तशी तिथून उठून दुसरीकडे जायची. म्हणून दर पावसाळ्यानंतर राखणदार तिची हद्द शोधायचा आणि हद्दीवर शेंदूर लावलेले दगड मांडायचा. हद्द कळायची मुंगळ्यांवरून. मुंगळे मुरणीत शिरत नाहीत. त्यांची सरळ चाललेली रांग कारण नसताना वळली, की तिथून पुढं पाऊल टाकायचं नाही. वडिलांनी हे दादाला शिकवलं आणि त्याच्या मागे मागे फिरणाऱ्या मलाही.

पंधरा दिवसांपूर्वी दादानंच विषय काढला होता. आमच्या घरी, ओसरीवर.

"मालू, तुला मुरणीत ठेवू या. चार-दोन वर्षांत औषध निघेल. निघालं की बाहेर काढू."

"आणि उजू?"

"उजू काय, मोठी होईल."

"माझ्यावाचून?"

यांच्याकडे पाहिलं, तर हे जमिनीकडे बघत होते.

मी म्हटलं, "दादा, आठ महिने तर आठ महिने. ते माझे आहेत. मला तिला तेराचा पाढा शिकवायचाय, तिच्या वेण्या घालायच्यात, तिच्याशी भांडायचंय. तिच्या डोळ्यांदेखत जाईन मी, पण तिच्याजवळ असेन. पुन्हा मुरणीचं नाव काढायचं नाही. घ्या शपथ."

दोघांनीही माझ्या हातावर हात ठेवला. आधी दादानं, मग यांनी.

झऱ्यापाशी एक कपार आहे, वरून खडक पुढं आलेला. यांनी बाहेरूनच आत घोंगडं पसरलं. आत जायच्या आधी मी सवयीनं खाली पाहिलं. मुंगळ्यांची रांग झऱ्याच्या कडेनं येत होती आणि कपारीपासून दोन हातांवर वळून परत जात होती. मी थबकले. मान वर करून पाहिलं. शेंदराचे दगड वीसेक पावलं वर होते, नीट ओळीनं मांडलेले, शेंदूरही ताजा. मनात म्हटलं, मुंगळ्यांच्या वाटेत काही सांडलं असेल. दादाचे दगड चुकायचे नाहीत.

यांनी माझी दुखण्याची गोळी दिली. रोज मी अर्धी घ्यायचे.

"आज अख्खी घे, चढ चढून आलीयस."

"मग झोप लागेल मला."

"लागू दे की. मी आहे ना. तांब्या भरून आणतो."

त्यांनी बाहेरच माझ्या अंगावर शाल घातली. डोळे जड झाले तशी मी आत जाऊन कुशीवर झाले; हे आत आले नाहीत. मला वाटलं, तांब्या भरायला गेले.

*

कुणीतरी मला खांद्याला धरून हलवत होतं. "उठा. उठा लवकर. बोलू नका, चला."

डोळे उघडले तर सगळीकडे राखाडी उजेड. ना दिवस, ना रात्र. कानांत पाणी भरल्यासारखं झालं होतं. एक तरुण मुलगी माझ्या काखेत हात घालून मला ओढत होती. जीभ जड, पाय जड. हे कुठं आहेत, असं विचारायचं होतं, पण शब्द फुटेना. दहा-पंधरा पावलं तिनं मला जवळपास फरपटत नेलं आणि एकदम ऊन अंगावर आलं. कडक, वैशाखाचं. कुठूनतरी पिकल्या करवंदांचा वास आला. मी शाल पांघरून झोपले होते तेव्हा मार्गशीर्ष होता.

मला कळलं. गुरवाच्या मुलीला हे सांगावं लागत नाही.

ती मुलगी दगडावर बसून धापा टाकत होती. मग ती रडायला लागली, आवाज न करता, पदराचा बोळा तोंडात धरून.

"कोण गं तू?"

"आई, मी उजू."

"माझी उजू सहा वर्षांची आहे," मी म्हणाले. म्हणताना तिच्या हनुवटीकडे पाहिलं. ती माझ्या वडिलांची हनुवटी होती.

ती उठली, मला धरून सावलीत बसवलं. माझ्या नाडीवर बोटं ठेवली, अगदी सराईतपणे. नर्सिंग शिकत होती ती, शेवटचं वर्ष. शेवटची परीक्षा आत राहिलेल्या दिवसांत होऊन गेली होती, हे तिनं मला तेव्हा सांगितलं नाही.

"किती वर्षं?"

"चौदा. मी तुला न्यायला आत शिरले तेव्हाही मार्गशीर्षच होता. बघ, आत बारा-तेरा पळं काढली असतील नसतील, तर बाहेर वैशाख आला."

"पाच महिने घालवलेस? कशाला आलीस गं मग?"

तिनं माझ्या कपाळावरची वाळकी पानं काढली.

"कुणीच येत नव्हतं म्हणून," ती म्हणाली.

*

दादा ओटीवर बसून दोर वळत होता. केस पांढरे, पाठ वाकलेली. मला बघून त्यानं दोर खाली ठेवला.

"आलीस?" जणू मी बाजारातून परतले होते.

सुगंधा वहिनी धावत बाहेर आली आणि मला मिठी मारून हंबरली. तीसुद्धा म्हातारी झाली होती. तिनं मला आत नेलं, माझे पाय धुतले, गूळपाणी दिलं. मी दादाकडेच बघत होते. तो दारात उभा राहिला, आत आला नाही.

"दगड तू हलवलेस," मी म्हटलं.

"होय."

"मुंगळे मला दिसले होते, दादा. दगड बघून मी आत गेले."

"ठाऊक होतं मला. मुंगळे तुला दिसणार, हे ठाऊक होतं. म्हणून तर शेंदूर ताजा लावला." त्यानं तोंडावरून हात फिरवला. "तू मरू नयेस म्हणून केलं, मालू. दाजी रडत आले होते. म्हणाले, तिचं ऐकू नका, जीव वाचवा तिचा. मी एकटा भाऊ. काय करू?"

खरं सांगते, तेव्हा मला राग आला तो अर्धाच. दुसऱ्या बाजूला एक विचार आला, की मला न विचारता का होईना, या दोघांनी माझा जीव सांभाळला. चौदा वर्षं गेली, लेक वाढताना पाहायची राहिली, पण ती समोर बसली आहे आणि मी तिला बघते आहे. मी दादाला म्हटलं, "मग औषध निघालं?"

"निघालं की."

"कधी?"

"झालं आता… बरेच दिवस."

वहिनीच्या हातातलं भांडं जमिनीवर आपटलं. पडलं नाही, तिनंच आपटलं.

"बरेच दिवस काय? खरं सांगा तिला. पोरीला मी सांगितलं, आता तिला तुम्ही सांगा."

दादानं डोळे मिटले.

"तिसऱ्या वर्षी," वहिनीच म्हणाली. "मालूवन्सं, तिसऱ्या वर्षी औषध आलं. डॉक्टरांचं पत्र आलं होतं गुरुजींना. ते इथं येऊन गेले, पत्र दाखवून गेले. म्हणाले, बघतो, सुट्टीची सोय करून येतो. आले ते पुढल्या वर्षी. लग्न ठरल्याचं सांगायला."

मला शब्द ऐकू येत होते, पण अजून कानांत पाणी होतं बहुतेक.

"कुणाचं लग्न?"

उजूनं माझा हात घट्ट धरला.

"मला सांगितलं होतं, तू गेलीस," ती म्हणाली. "दवाखान्यात. सहा वर्षांची होते, विश्वास ठेवला. गेल्या मार्गशीर्षात मामींना ताप होता म्हणून मी इथं आले, तेव्हा मामा जत्रेला गेले होते. मामींनी तापात सगळं सांगितलं. मी घरी आप्पांना कळवलं की मामींच्या शुश्रूषेला राहते, आणि मामा परतायच्या आत राईत शिरले."

"दादा," मी म्हटलं, "तू का नाही आलास आत? अकरा वर्षं?"

"पाच-सहा महिने आत घालवायचे म्हणजे एक पेरणी हातची जायची," तो म्हणाला. "आणि बाहेर काढून तुला दाखवायचं काय? नवरा दुसऱ्याचा झालेला? वाटलं, आहे तशी सुखात आहे. राईत आहे तोवर जिवंत आहे. पुढल्या वर्षी बघू म्हटलं. दर वर्षी म्हटलं."

"सुखात," वहिनी म्हणाली आणि चुलीकडे तोंड फिरवलं.

दादा माझ्या पाया पडायला वाकला. मी पाय मागे घेतले. त्यानंतर तो नऊ वर्षं जगला. मी वहिनीला भेटायला त्या घरी जायचे, पण त्याच्याशी बोलले नाही. लोक म्हणायचे, नवऱ्यापेक्षा भावावर राग जास्त कसा? मी कुणाला काही समजावून सांगितलं नाही.

*

इंजेक्शनं सुरू झाली ती त्याच आठवड्यात. सहा महिने उजूनं ती मला स्वतःच्या हातानं टोचली, आणि पुढल्या वर्षी परीक्षेला बसून पास झाली. मी बरी झाले. तीस वर्षं होऊन गेली त्याला. पण सांगायचं आहे ते त्याच आठवड्यातलं.

बाहेर आल्यावर चौथ्या दिवशी मी उजूला म्हटलं, मला पिंपळोशीला घेऊन चल. पिंपळोशीला त्यांची शाळा होती. माझा संसारही तिथंच होता. घर तेच, फक्त अंगणात फरशी आली होती आणि दाराला हिरवा रंग. सकाळी अकराची वेळ. दारात चाळिशीकडे झुकलेली एक बाई तांदूळ निवडत बसली होती. तिचं नाव शालिनी.

"उजू!" ती ताट बाजूला ठेवून उठली. "बाळा, किती महिने! एक पत्र तरी टाकायचं. मामी बऱ्या आहेत ना? आणि ह्या कोण?"

तेवढ्यात आतून तो आला. जाड चष्मा, टक्कल, हातात वर्तमानपत्र. मला पाहिलं आणि चौकट धरून उभा राहिला.

उजूनं तोंड उघडलं, त्याच्या आत तो म्हणाला, "ह्या आंबेकोंडच्या. उजूच्या मामाकडच्या. लांबच्या नात्यातल्या."

"मग उभ्या का? बसा ना. पाणी आणते," म्हणून शालिनी आत गेली.

तो दोन पायऱ्या उतरला, आवाज खाली आणला. "मालन, तिला काही माहीत नाही. तुझ्या पाया पडतो."

नऊ वर्षांच्या संसारात मी त्याला कधी नावानं हाक मारली नव्हती. अहो म्हणायचे, बाहेर हे म्हणायचे.

"दिगंबर," मी म्हटलं, "तिसऱ्या वर्षी का आला नाहीस?"

त्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू नावानं हाक मारणं हाच मोठा अपराध झाला.

"पहिली दोन वर्षं सुट्टी लागली की यायचो," तो म्हणाला. "दगडापाशी बसायचो. तू दिसायचीस, कुशीवर. श्वास घेतानासुद्धा दिसायची नाहीस. माणूस किती दिवस बसेल? पत्र आलं तेव्हा येणारच होतो. पण तितके महिने रजा कोण देणार? पोरीकडे कोण बघणार? मग वाटलं, पुढच्या वर्षी. तुला काय फरक पडत होता? तू झोपली होतीस. तुला कळणारच नव्हतं."

"आणि तिला?" मी उजूकडे बोट केलं.

त्यानं चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला.

तांब्या-भांडं घेऊन शालिनी बाहेर येत होती, ती उंबऱ्यावर थांबली. माझ्या तोंडाकडे बघत राहिली. मग मान वळवून आतल्या भिंतीकडे. परत माझ्याकडे. तांब्या तिनं हळूच खाली ठेवला, आत गेली आणि भिंतीवरची तसबीर काढून घेऊन आली. माझा फोटो होता, लग्नानंतर सहा-सात वर्षांनी काढलेला. त्याला चंदनाचा हार.

"चौदा वर्षांत," ती म्हणाली, "तुमचा एक केससुद्धा पांढरा झाला नाही."

"शालिनी, तू आत जा," दिगंबर म्हणाला.

"उजू, तू सांग," ती म्हणाली.

उजूनं सांगितलं. चार-पाच वाक्यांत, रोग्याची माहिती डॉक्टरांना द्यावी तशी. मी शालिनीच्या चेहऱ्याकडे बघत होते. मी भांडायच्या तयारीनं आले होते आणि बसमध्ये जी वाक्यं जुळवली होती त्यांतली निम्मी तिच्यासाठी होती. ती मला आठवेनात. या बाईनं माझं कुंकू हिरावलं नव्हतं, तिला मी मेल्याचं सांगून आणलं होतं. फसवायच्या बाबतीत त्यानं आम्हा दोघींत भेद केला नव्हता.

सगळं ऐकून झाल्यावर तिनं फोटोचा हार काढला. तुटला तो, चंदनाची सालपटं फरशीवर पडली.

"अकरा वर्षं," ती नवऱ्याला म्हणाली, "दर मार्गशीर्षात मी यांचं श्राद्ध घातलं. सोवळ्यानं स्वयंपाक केला. पान कावळ्याला ठेवून हात जोडून उभी राहायचे. कावळा शिवायचा नाही लवकर. तुम्ही म्हणायचात, तिचा जीव उजूत अडकलाय. मी रडायचे हो. म्हणायचे, बाई, तुमच्या लेकीला मी अंतर देणार नाही. तुम्ही शेजारी उभे असायचात. एकदा तरी सांगायचं होतंत."

दिगंबर पायरीवर बसला. "मालन, ऐक," असं काहीतरी म्हणाला. ते कोणी ऐकलं नाही.

मी उजूला म्हटलं, "चल, बस मिळेल अजून."

"थांबा," शालिनी म्हणाली. तिनं डोळे पुसले, पदर खोचला. "वरणभात झालेला आहे. अकरा वर्षं तुमचं पान कावळ्याला वाढलं. आज तुम्ही बसा."

तिनं स्वयंपाकघरात दोन पाट मांडले. मी आणि उजू बसलो. तिनं वाढलं. भात, वरण, वांग्याची भाजी, लिंबाची फोड. बाहेर पायरीवर तो बसून होता. त्याला कोणी आत बोलावलं नाही आणि तो स्वतःहून आला नाही.

वरणात मीठ थोडं जास्त झालं होतं. मी भात दुसऱ्यांदा मागून घेतला.